तिकडचा आर्यन कुठं जातो?

"ताई, नमस्कार. जुन्नर तालुक्यातल्या एका माध्यमिक शाळेत मी विज्ञान शिकवतो. तीन वर्षं झाली, मुलांसाठी एक कादंबरी लिहितोय. समांतर मितींचा अभ्यास करणारी आणि विद्यार्थ्यांना प्रत्यक्ष त्या मितींत पाठवणारी एक अकादमी आहे. ती स्वित्झर्लंडमध्ये, आल्प्सच्या कुशीत, सगळी इमारत काचेची. नऊ मिती, नऊ प्रवेशद्वारं, मुलांचे नऊ संघ. नायक आर्यन, वय चौदा. खलनायक खुद्द प्राचार्यच आहेत, पण ते शेवटी कळतं. १८० पानं झाली. दोन प्रकाशकांकडून 'कल्पना चांगली आहे' असा शेरा घेऊन परत आली. ऑफ तासाला आठवीच्या वर्गात वाचायला घेतली, तर तिसऱ्या प्रकरणाला मागच्या बाकांवर फुली-गोळा सुरू झाला. एकाच मुलीनं हात वर केला. 'सर, आर्यन तिकडं गेला, तर तिकडचा आर्यन कुठं जातो?' मी म्हटलं, पुढं कळेल. खरं सांगायचं तर मलाच माहीत नाही. माझं शास्त्र कच्चं आहे की भाषा? की सोडूनच देऊ? सोबत पहिली चार प्रकरणं जोडली आहेत."

– एक शिक्षक

सर,

सोडू नका. मात्र १८० पानांतली १७५ पिशवीत घालून माळ्यावर ठेवा. रद्दीत घालू नका. लिहिलेल्या पानांची माया असते, ती एकदम तोडायला गेलं की माणूस पुढचं लिहीतच नाही. उरलेली पाच पानं कुठली तेही सांगते. चौथ्या प्रकरणात आर्यन पलीकडच्या जगात आपल्याच घराच्या दारात उभा राहतो आणि कडी वाजवायला त्याचा हात होत नाही, तेवढी. ती तुमची आहेत. बाकीचं कुठं ना कुठं वाचलेलं, पाहिलेलं आहे, आणि त्या बाबतीत आठवीची मुलं तुमच्या-माझ्याहून जास्त पाहून बसलेली असतात. नऊ दरवाजे म्हटले की पहिला उघडायच्या आत त्यांना उरलेले आठ दिसतात.

शास्त्र कच्चं की भाषा, असं विचारलंय तुम्ही. थोडं थोडं दोन्ही आहे, पण दुखणं ते नव्हे. दुखण्यावर त्या मुलीनं नेमकं बोट ठेवलं आणि तुम्ही तिला 'पुढं कळेल' म्हणून खाली बसवलंत. मीही बारा वर्षं शाळेत शिकवलंय. उत्तर येत नसलं की आपण सगळे हेच म्हणतो.

आधी एक किरकोळ गोष्ट उरकून घेते. 'समांतर मिती' आणि 'समांतर विश्व' हे शब्द तुम्ही एकमेकांच्या जागी वापरलेत. मिती म्हणजे मोजायची दिशा: लांबी, रुंदी, उंची. १९२१ मध्ये थिओडोर कालुझानं नेहमीच्या मितींना आणखी एक जोडून गुरुत्वाकर्षण आणि विद्युतचुंबकत्व एकाच गणितात बसवून दाखवलं. मग ती जास्तीची मिती दिसत का नाही? १९२६ मध्ये ऑस्कर क्लाइननं सांगितलं की ती स्वतःभोवती गुंडाळलेली आहे, अणूहूनही कितीतरी बारीक. सगळे कण म्हणजे बारीक तंतूंची कंपनं असं मानणाऱ्या स्ट्रिंग सिद्धांताला तर काळ धरून दहा मिती लागतात. पण यांतल्या एकीतही दुसरा आर्यन राहत नाही. 'चौथ्या मितीतलं गाव' म्हणजे 'उंचीतलं गाव' म्हटल्यासारखं झालं. मुलांच्या तोंडी 'दुसऱ्या मितीत गेला' राहू द्या, लोक बोलतात तसं. अकादमीचे मास्तर तसं बोलले तर मात्र विज्ञानाचे शिक्षक म्हणून तुमचीच शोभा. आपल्याकडे या शब्दाला आणखी एक जुना अर्थ आहे. जुन्या पत्रांवर 'मिती आषाढ शुद्ध दशमी' असं घालत, म्हणजे दिवस, तिथी. मला तुमच्या कादंबरीसाठी हाच अर्थ जास्त कामाचा वाटतो. गाव तेच, माणसं तीच, मिती निराळी.

आता त्या मुलीचा प्रश्न. तिच्या आधी तो फार मोठमोठ्या डोक्यांना पडलेला आहे. एखादा किरणोत्सारी अणू घ्या. पुढच्या मिनिटात तो फुटेल किंवा फुटणार नाही. क्वांटमचं, म्हणजे अणूंच्या जगाचं, गणित दोन्ही शक्यता एकत्र धरून चालतं, आणि आपण बघायला गेलो की एकच दिसते. दुसरी कुठं जाते? १९५७ मध्ये प्रिन्स्टनला पीएच.डी. करणारा सव्वीस वर्षांचा ह्यू एव्हरेट म्हणाला, कुठंच जात नाही. दोन्ही घडतात. अणू फुटला की वाजणाऱ्या यंत्राची टिक ऐकणारा एक आणि न ऐकणारा एक, दोघंही असतात, आणि दोघंही स्वतःला 'मी'च म्हणतात. यावर ब्राइस डिविट नावाच्या शास्त्रज्ञानं हरकत घेतली की मला तर मी दुभंगल्याचं काही जाणवत नाही. एव्हरेटचं उत्तर होतं, पृथ्वी फिरतेय ते तरी कुठं जाणवतं? पुढं १९७० मध्ये याच डिविटनं लेख लिहून ती कल्पना जगापुढं आणली. मधल्या तेरा वर्षांत तिला फारसं कुणी विचारलं नव्हतं. १९५९ मध्ये एव्हरेट कोपनहेगनला जाऊन क्वांटमचे ज्येष्ठ शास्त्रज्ञ नील्स बोर यांना भेटूनही आला, त्यातून काही निघालं नाही. पीएच.डी. पदरात पडायच्या आधीच तो अमेरिकेच्या संरक्षण खात्याच्या कामाला लागला होता. प्राध्यापकी त्यानं कधी केलीच नाही. १९८२ मध्ये, एक्कावन्नाव्या वर्षी, गेला. तुमच्या अकादमीच्या प्राचार्यांच्या खोलीत ज्याची तसबीर लागायला हवी तो माणूस जन्मात कुठं मास्तर नव्हता, हे कादंबरीत कुणीतरी एकदा बोलून दाखवावं असं मला फार वाटतं. शिपायानं बोललं तर उत्तम.

यातून तुमच्या कामाचं असं की, आर्यननं पोहे खाल्ले की उपमा यावरून विश्व फुटत नाही. दुसऱ्या प्रकरणातला तो सगळा तक्ता काढून टाका. फाटा फुटतो तो अणूच्या पातळीवर. आणि एकदा फाटे फुटून दूर गेले की त्यांची पुन्हा गाठ पडायची सोय या गणितात नाही. म्हणजे तिकडचा आर्यन आहे, पण त्याच्यापर्यंत रस्ता नाही. तुमच्या अकादमीचा सगळा प्रवासच थाप. हरकत नाही, मारा. विज्ञानकथेत एक थाप वाचक बिनतक्रार गिळतो. दुसरी मारलीत की हात वर व्हायला लागतात. तुमच्या चार प्रकरणांत मी अकरा मोजल्या.

एकच थाप मारायची म्हटल्यावर बाकीचं सगळं हिशोबानं यायला हवं, आणि पहिला हिशोब त्या मुलीनं मागितलाय. तिकडचा आर्यन कुठं जातो? तो कुठंच जात नाही, तिकडच्या शाळेत तिसऱ्या बाकावर बसलेलाच आहे, असं म्हणता येईल. मग तुमचा आर्यन तिथं उपरा. यात गंमत पुष्कळ आहे पण लवकर संपते, जुळ्यांचे सिनेमे आपण सगळ्यांनी पाहिलेत.

किंवा तिकडं आर्यन नाहीच, कधी नव्हताच. डॉ. जयंत नारळीकरांची 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही गोष्ट वाचली असेल तुम्ही. नसेल तर बाकी सगळं सोडून आधी ती वाचा. १४ जानेवारी १७६१ ला विश्वासराव गोळी लागून पडले. गोष्टीतल्या जगात ती गोळी कानाजवळून निघून गेली, फरक एवढाच. तुम्ही नऊ विश्वांत नऊ रंगांचं आकाश घातलंय, ते इथं ताडून पाहा. पण मला विचाराल तर त्या गोष्टीतलं पानिपतही लक्षात राहत नाही. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत त्या निराळ्या मुंबईत आपल्या मुलाच्या कचेरीत चौकशी करायला जातात आणि तिथं त्या नावाचं कुणी कामालाच नसतं, ते राहतं.

तिसरं उत्तर अदलाबदलीचं. मी लिहीत असते तर हेच घेतलं असतं. आर्यन तिकडं गेला की त्याच क्षणी तिकडचा इकडं येतो. त्याला कुणी विचारलेलं नसतं. तो बिचारा बैलांना पाणी दाखवत उभा असतो आणि डोळ्याचं पातं लवेतो भलत्याच घरात, ताटावर बसलेला. समोर आई. आपला आर्यन लसणाच्या चटणीला हात लावत नाही, तिखट लागते म्हणून बाजूला सारतो. हा भाकरीचा पापुद्रा सोडवतो, चटणी घेतो, बोटानं मधोमध खळगा करतो आणि तेलासाठी हात पुढं करतो. तसा खळगा त्या घरात एकच माणूस करायचा, आर्यनचे आजोबा. ते गेले तेव्हा आर्यन दीड वर्षाचा होता, त्यानं हे पाहिलेलं असणं शक्य नाही. आई काही बोलत नाही. तेलाची बुधली सरकवते. त्याचं अर्धं ताट संपल्यावर हळूच विचारते, "अजून आहेत का रे अण्णा, तिकडं?"

या एका ताटापायी मी तुमची काचेची इमारत नवाच्या नऊ दरवाज्यांसकट देऊन टाकीन.

शिवाय अकादमी कशाला हवी हेही आता कळायला लागतं. चार प्रकरणं वाचूनही तुमच्या अकादमीत मुलं शिकतात काय ते मला समजलं नाही. चांदीचे पोशाख घालून उड्या मारतात. अदलाबदल होणार असेल तर शिकवायला केवढं तरी आहे. दुसऱ्याच्या आयुष्यात एक दिवस राहून, काही न मोडता परत कसं यायचं. त्याचा डबा कोण बनवतं, त्याची कुठं उधारी आहे, कुणाशी अबोला आहे, बहिणीला तो काय म्हणून हाक मारतो. चुकून कुणाशी बोलून बसलात की ते निस्तरायला तो परत येणार, तुम्ही नव्हे. परीक्षा याच्यावर घ्यायची. आणि खलनायक प्राचार्य तर लागतच नाहीत. चांगले, प्रेमळ, निवृत्तीला आलेले प्राचार्य ठेवा, ज्यांना इतक्या वर्षांत हे कधी सुचलंच नाही की आपण पलीकडच्या पोरांची परवानगी घेतलेली नाही. विचारायचा मार्गच नाही हे त्यांचं म्हणणं, आणि ते खोटंही नाही. ते मला तुमच्या काळ्या झग्यातल्या माणसापेक्षा जास्त भीतिदायक वाटतात.

शाळा कशी चालते हे तुमच्याइतकं कुणाला माहीत? तरी तुमच्या अकादमीत हजेरीपट नाही, पालक सभा नाही, भाजी-पाव चोरणारा मेसचा ठेकेदार नाही. जनरल रजिस्टरात एकदा चुकीचं लिहिलं गेलेलं नाव दुरुस्त करायला पालकांना किती खेटे घालावे लागतात, ते तुम्ही रोज बघता. तिथं एका रजिस्टर नंबरावर दोन आर्यन आहेत. शाळा सोडल्याच्या दाखल्यावर 'शाळा सोडण्याचे कारण' असा रकाना असतो. समजा एक मुलगा परत आलाच नाही, त्याच्या जागी तिकडचा इथंच राहून गेला, आणि चार वर्षांनी त्याचे वडील दाखला न्यायला आलेत. क्लार्क भाऊसाहेबांनी 'वर्तणूक' पुढं 'चांगली' लिहून टाकलं, ते हात आपोआप लिहितो. प्रगतीपुढं 'समाधानकारक'. आता कारणाच्या रकान्यावर पेन थांबलंय. बाहेर बाकावर वडील बसलेत, शेजारी मुलगा. कुठला, ते वडिलांना माहीत आहे का? हे एक प्रकरण तुम्ही लिहून मला पाठवा, बाकी कादंबरी झाली नाही तरी चालेल.

स्वित्झर्लंडचं सांगते. तुमच्या प्रकरणांत बर्फ खूप आहे, थंडी कुठंच नाही. न पाहिलेल्या जागेबद्दल लिहू नये असं माझं म्हणणं नाही, पण जुन्नरच्या माणसानं यासाठी आल्प्स गाठावा याची मला खरंच मौज वाटली. तुमच्या तालुक्यात खोडदला जीएमआरटी ही रेडिओ दुर्बीण आहे. पंचेचाळीस मीटर व्यासाच्या तीस तबकड्या, चौदा मध्यभागी दाटीनं, बाकी सोळा तीन फाट्यांवर पार पंचवीस किलोमीटरच्या टापूत पसरलेल्या, आणि तिसांची मिळून दुर्बीण एकच. २८ फेब्रुवारीला विज्ञान दिनी तिथं शाळांची रीघ लागते, तुम्हीही मुलं नेली असतील. एका मुलाला वाटेत कांद्याच्या शेतापलीकडं एकतिसावी तबकडी दिसली, एवढ्यावर पहिलं पान निघतं.

आणि जगाजगांतला घाट हवा तर नाणेघाट काय वाईट आहे? सातवाहनांच्या काळी कोकणातल्या बंदरांचा माल जुन्नरकडं चढायचा तो इथून. वर तो दगडी रांजण आहे, जकातीचा म्हणतात तो. लेण्यात सातवाहन राणी नागणिकेचा ब्राह्मीतला लेख आहे, आणि एका भिंतीवर राजघराण्यातल्या माणसांच्या मूर्ती होत्या. मूर्ती गेल्या, पायांच्या खुणा तेवढ्या राहिल्या, पण वर कोरलेली नावं अजून वाचता येतात. न परतलेल्या विद्यार्थ्यांची भिंत अकादमीत कशी असेल याचा विचार करत मी बराच वेळ बसले होते. तुमच्या डोळ्यांपुढं ती रेडीमेड उभी आहे.

रांजण मुद्दाम काढला. तुमच्या प्रवासाला काही पडतच नाही. आर्यन नऊ वेळा जातो, नऊ वेळा येतो, एसटीच्या पासावर गेल्यासारखा. त्या रांजणात काय टाकायचं ते ठरवा. 'एक आठवण' असं कृपा करून लिहू नका, सगळे तेच लिहितात. काहीतरी बारकं, हाताला लागणारं बघा. पहिल्यांदा जाऊन आला आणि शीळ घालता येईना. नुसती हवा जाते. पोरं हसली, विषय संपला. दुसऱ्यांदा आल्यावर कुकडीच्या डोहात उडी मारली आणि पोहणंच विसरलेला. तिसऱ्या खेपेला तो घाटावर उभा राहून मोजायला लागेल, आपल्याला अजून काय काय येतं. गेलेली शीळ तिकडच्याला येऊ लागली का, हे मी तुमच्यावर सोडते.

भाषेबद्दल फार सांगायचं नाही. 'आंतरमितीय संक्रमण प्रवेशद्वार' हे अकादमीच्या पाटीवर शोभेल, पण तिथल्या वसतिगृहातली मुलं दुसऱ्या दिवसापासून त्याला 'खिंड' म्हणतील आणि प्रवासाला 'खाली उतरणं'. 'जेवून घे, पहाटे खाली उतरायचंय.' तुमच्या सबंध बाडात सगळ्यात चांगलं मराठी वाक्य त्या मुलीचं आहे. तिच्यासारखं लिहा. आर्यन हे नाव बदललंत तर बरं. तुमच्याच पटावर दोन-तीन असतील आणि ते चिडवून घेतील.

आता काम. दिवाळीच्या सुट्टीपर्यंत बारा पानं, तेरावं नको. ताटापासून सुरू करा नाहीतर दाखल्यापासून. पहिल्या पाच पानांत अकादमी दिसायलाच नको, तिचं नुसतं पत्र आलेलं असू दे, किंवा पोरगा सुट्टीवर आलेला असू दे. मग त्याच वर्गात, त्याच ऑफ तासाला वाचा. डोळे मागच्या बाकांवर. फुली-गोळा ज्या ओळीला सुरू होईल तिथं पेन्सिलीनं खूण करा आणि घरी येऊन त्या ओळीच्या आधीचं अर्धं पान खोडा. दोघा प्रकाशकांनी मिळून तुम्हाला जेवढं सांगितलं नाही तेवढं ती खूण सांगेल.

वाचायला लागण्याआधी त्या मुलीला, सगळ्यांदेखत, सांगा की त्या दिवशी मला उत्तर येत नव्हतं. तिला काय वाटतं ते विचारा. ती काहीतरी सांगेलच, त्याशिवाय का तिनं हात वर केला? तिचं उत्तर कादंबरीत घ्यावंसं वाटलं तर तिला विचारून घ्या.

तुमची,
ताई

ता. क. तुमच्या पत्रावर तारीख नव्हती. दाखल्याचं प्रकरण पाठवाल तेव्हा वर मिती घाला.